पाण्याला शिवू नगा

लोक सुट्टीला तुळजापूरला जातात, येडशीच्या अभयारण्यात जातात. माझ्या आईला जायचं होतं तिच्या माहेरी, बेंबळीच्या पुढच्या एका खेड्यात. "गुडघे पार जायच्या आत एकदा बारवेच्या पाण्याला शिवायचंय," एवढंच तिचं मागणं. माझी कंबर धरलेली, अंगात त्राण नाही. पण आईला नाही कसं म्हणणार?

धाराशिवहून बेंबळीपर्यंत एसटी आहे. पुढं टमटम, आणि ती भरल्याशिवाय जागची हलत नाही. भाकरी आणि शेंगाची चटणी घरूनच घ्या. वाटेत चहाशिवाय काही मिळत नाही. रस्त्याचं काय सांगू? हाडं खिळखिळी झाली बघा.

गावातल्या गढीचा एकच बुरूज उभा आहे, निजामाच्या वेळचा म्हणतात. आत नुसत्या बाभळी. पाराजवळ वीरगळ आहे, म्हणजे लढाईत पडलेल्या कुणाच्या आठवणीचा दगड. गावानं शेंदूर फासून त्याचा देव केलाय. आणि त्यापलीकडं बारव, पायऱ्यांची दगडी विहीर. आईच्या लहानपणी आमच्या बौद्ध वस्तीतल्यांना तिच्यात उतरायची बंदी होती. काठाशी घागर ठेवून बसायचं, कुणी वरून ओतलं तर घरी न्यायचं.

आई माझा खांदा धरून एकेक पायरी उतरली. धापा मात्र मीच जास्त टाकत होते. ती पाण्याशी वाकली, तोच वरून एका बाईचा आवाज आला, "अवं आजी, पाण्याला शिवू नगा!"

आईचा हात तिथंच थांबला. तिचा चेहरा बघून माझं डोकंच फिरलं. मी तोंड उघडणार, तर आईनंच मान वर केली. "का गं? का न्हाय शिवायचं?" जन्मात पहिल्यांदा विचारलं असेल तिनं.

"शेवाळ लई झालंय, आजी! खाज सुटती हाताला. आमी गुरांना बी पाजत न्हाय."

"एवढंच व्हय? मग सुटू दे की!" आई हसत सुटली आणि तिनं कोपरापर्यंत हात बुडवले. नंतर त्याच बाईनं तिला हात देऊन वर घेतलं, घरी नेऊन चहा पाजला.

परतीच्या एसटीत मी उभ्यानं आले, पाय सुजले. खरं सांगते, नुसता बुरूज बघायला एवढे हाल करून जाऊ नका.

दुसऱ्या दिवशी आईचे हात लालभडक झालेले. मी मलम घेऊन गेले, तर तिनं हात मागं घेतले.

"राहू दे गं. ह्या खाजेसाठी लई वर्षं थांबलीय मी."