शोकेसमधल्या नर्सबाई

बाजारच्या दिवशी शिरूरला माझ्या स्टुडिओसमोर इतकी गर्दी झाली, की एसटीच्या ड्रायव्हरला लोकांना हटवायला खाली उतरावं लागलं. मग तोही शोकेस बघत उभा राहिला.

शोकेसमध्ये रूथबाईंचा फोटो होता. मिशन दवाखान्यातल्या नर्स. मूळच्या नगरकडच्या. नर्स व्हायच्या आधी मुंबईत मॉडेल होत्या. साबणाच्या जाहिराती, कॅलेंडरं. आमच्याकडच्या प्रत्येक सलूनमध्ये त्या होत्या, पण वेगळ्या नावानं आणि ओल्या साडीत. ते सगळं सोडून त्या नर्सिंग शिकल्या. इथं वर्षभर कुणी ओळखलं नव्हतं. त्यांना तेच हवं होतं.

ओळखपत्रासाठी त्यांनी माझ्याकडं फोटो काढून घेतला. आमच्यात रिटचिंग असतं. म्हणजे निगेटिव्हवर बारीक पेन्सिलीनं चेहऱ्याचे डाग झाकायचे. या चेहऱ्यावर पेन्सिल टेकवायला जागाच नव्हती. मी मोठी प्रिंट काढून शोकेसमध्ये लावली. विचारलं नाही. एका सलूनवाल्यानं कॅलेंडर आणून शेजारी धरलं, आणि झालं.

दुपारी दवाखान्याच्या मेट्रनबाईंनी बोलावलं. ओपीडीबाहेर पुरुषांची रांग होती.

"यांची सगळ्यांची आजच पोटं दुखतायत," मेट्रन म्हणाल्या. "काय केलंत तुम्ही?"

रूथबाई शेजारीच होत्या. "फोटो लावायच्या आधी मला विचारलंत?"

"न्हाई, बाई. चुकलं. आत्ता काढतो."

"मुंबईत निदान विचारायचे," त्या म्हणाल्या आणि एरंडेलाची बाटली घेऊन बाहेर गेल्या. प्रत्येकाला समोर उभं करून पाजलं. दुसऱ्या दिवशी रांगेत तिघं होते. ते खरंच आजारी होते.

पण दवाखान्याच्या कमिटीपर्यंत कॅलेंडर पोचलंच. मी जाऊन सांगितलं, चूक माझी हाय, बाईंची न्हाई. अध्यक्षांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग विचारलं, "पण कॅलेंडरवरच्या त्याच ना?" मला पहिल्यांदा स्वतःच्या धंद्याची लाज वाटली.

कमिटीनं काही ठरवायच्या आत रूथबाईंनीच राजीनामा दिला. दौंडकडं, खुटबावला बाळंतपणाच्या दवाखान्यात जागा होती. त्या अर्जासाठी फोटो लागणार होता. त्या माझ्याकडंच आल्या. आधी जुनी निगेटिव्ह मागितली आणि माझ्यासमोर कात्रीनं चार तुकडे केले.

"फोटो चांगला होता," त्या म्हणाल्या. "म्हणूनच त्रास झाला. आता साधा काढा."

मी त्यांना खिडकीकडं पाठ करून बसवलं. चेहरा काळवंडला, डोळे अर्धे मिटले. प्रिंट बघून त्या मनापासून हसल्या.

"व्वा! यात मला माझी आईसुद्धा ओळखणार नाही."

नोकरी लागली. पुढं तिकडं तालुकाभर बायका बाळंतपणाला त्यांचंच नाव घ्यायच्या, आणि कुणी कॅलेंडरचं बोललं नाही.

माझ्या हातून निघालेला तो सगळ्यांत वाईट फोटो. एवढं खूश गिऱ्हाईक मला परत मिळालं नाही. चांगला फोटो कुठला, हे फोटोग्राफरनं ठरवू नये.