आधी मुद्दल, मग व्याज

मी रोहणा सोडलं त्या दिवशी बाबांनी अर्धा तास दुकान बंद ठेवलं होतं. बाजाराच्या दिवशी आमच्या दुकानाला कुलूप लागलेलं मी त्याआधी एकदाच पाहिलं होतं, आजोबा गेले तेव्हा. पुलगावला जाणारी एसटी उभी होती. आई कंडक्टरला सांगत होती, "पोराले खिडकीपाशी बसव गा, त्याले गाडी लागते." मी तेवीस वर्षांचा, आयटीआय झालेला, खिशात चिंचवडच्या कारखान्याचं नोकरीचं पत्र, आणि आई गावासमोर असलं काहीतरी बोलते म्हणून नुसता चिडलेलो. बाबा किल्ल्यांचा जुडगा हातात घेऊन खाली उभे होते. ते एवढंच म्हणाले, "दुकान कुठं जात नाई. तू आरामानं येजो." गाडी हलली तेव्हा मी पुढे बघत बसलो. मान वळवून एकदा मागे पाहावं एवढंही मला सुचलं नाही, आणि त्याचा मला आजही राग येतो.

ही ब्याण्णवची गोष्ट. हे मी लिहितोय ते तुमच्यासाठी, जे अजून तिथे आहात आणि भेटलो की "कवा येतं वापस?" असं विचारता. आणि त्यांच्यासाठीही, जे माझ्यासारखेच पुण्याला, नागपूरला, कुठे कुठे गेले आणि ज्यांच्या कपाटात घराच्या कर्जाची फाइल आहे. फाइल असेल तर एकदा काढून नीट वाचा. मी वाचली नव्हती.

आमचं दुकान तुम्हाला ठाऊकच आहे. ठाऊक नसेल त्याच्यासाठी सांगतो. बी-बियाणं, फवारणीची औषधं, सुतळी, टोपल्या, थोडा किराणा. गिऱ्हाईक बहुतेक भाजीपाला पिकवणारं. वांगी, कोबी, सांबार (आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात) लावायच्या वेळी माल उधारीवर न्यायचे आणि माल निघाला की बाजारच्या बाजारला थोडे थोडे पैसे आणून द्यायचे. बाबांची एक रीत होती. आलेला पैसा ते आधी मुद्दलातून वळता करायचे. मुद्दल फिटलं की मग व्याजाचं बोलणं, आणि ते बोलणंही चहावर व्हायचं. अर्धं व्याज बाबा सोडून द्यायचे, उरलेल्या अर्ध्यावर घासाघीस व्हायची. आई म्हणायची, अशानं आपलं दिवाळं निघेल. बाबा म्हणायचे, "मुद्दल संपलं का मानसाची मान वर होते. मान वर झालेला मानूस पैसे बुडवत नाई."

मी हे लहानपणापासून इतकं पाहिलं होतं की कर्ज म्हणजे असंच असतं, याबद्दल मला शंका नव्हती. पाण्याला उतार असतो तसं कर्जाला आधी मुद्दल असतं. ही समजूत घेऊन मी पुण्यात गेलो, आणि माझं जे नुकसान झालं ते या समजुतीपायी झालं.

चिंचवडमध्ये आधी चौघांत एक खोली, मग लग्न, मग भाड्याची खोली. सुनंदा हिंगणघाटकडच्या वडनेरची. ती एका बालवाडीत शिकवायला लागली. दर अकरा महिन्यांनी घरमालक भाडं वाढवायचा नाहीतर पोतं-पेटी उचलायला लावायचा. तीन घरं बदलली तेव्हा सुनंदा म्हणाली, "मले भिंतीत खिळा ठोकायचा हाय, कोनाले न विचारता." मलाही ते पटलं. सत्त्याण्णव साली आम्ही एक लहानसा फ्लॅट घेतला. होतं नव्हतं ते दागिन्यांसकट घातलं आणि वर तीन लाखांचं कर्ज काढलं. पंधरा टक्के ठरलेला दर, वीस वर्षं, महिन्याला तीन हजार नऊशे पन्नास रुपये.

कर्ज देणाऱ्यांनी एक जाडजूड कागदांचा गठ्ठा दिला होता. प्रत्येक महिन्याची एक ओळ, असे दोनशे चाळीस महिने. मी पहिल्या ओळीत हप्त्याचा आकडा पाहिला, शेवटच्या ओळीतलं शून्य पाहिलं आणि गठ्ठा गुंडाळला. मग वहीच्या पाठीवर माझा हिशेब केला. तीन लाख भागिले तीन हजार नऊशे पन्नास. शहात्तर महिने. म्हणजे साडेसहा वर्षांच्या आतच मुद्दल मोकळं. व्याजाचं काय ते नंतर बसून बोलू. ओढाताण धरून सात वर्षं धरली. सात वर्षांनी फ्लॅट भाड्याने द्यायचा, त्या भाड्यात व्याज फिटत राहील, आणि आपण रोहण्याला जाऊन बाबांच्या शेजारी मोटारपंप दुरुस्तीचं दुकान टाकायचं. सुनंदाने विचारलं होतं, एकदा त्या ऑफिसात विचारून घेता का? मी म्हणालो, दुकानदाराच्या पोराला तू व्याज शिकवतेस? किती थाटात म्हणालो होतो मी.

त्या दिवाळीला गावी गेलो तेव्हा त्या कागदांची झेरॉक्स मुद्दाम घेऊन गेलो. बाबांना दाखवायला, दुसरं काय! पोरानं पुण्यात घर घेतलं. बाबांनी चष्मा लावून गल्ल्यापाशी बसून सगळी पानं पाहिली. खताच्या कंपन्यांची बिलं वाचायची त्यांना सवय होती, आकडे त्यांना अडत नसत. पाहून झाल्यावर त्यांनी विचारलं, "किती वर्षं मनतं तू?" मी म्हटलं, सात. त्यांनी पहिलं पान पुन्हा एकदा पाहिलं. मग म्हणाले, "बरं हाय. घर झालं, चांगलं झालं." झेरॉक्स त्यांनी ठेवून घेतली. आई त्या दिवसापासून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायला लागली, "सात वर्षं. कर्ज मोकयं झालं का येते मायं पोरगं."

ती सात वर्षं कशी गेली हे सांगायला बसलो तर तुम्हाला कंटाळा येईल, कारण ती सगळी सारखीच होती. रविवारी ओव्हरटाइम. दिवाळीत दुप्पट पगार मिळतो म्हणून दिवाळीत कामावर. सात वर्षांत मी गावी चार वेळा गेलो. पहिल्यांदा ती झेरॉक्स दाखवायला, एकदा चुलतबहिणीच्या लग्नाला, एकदा आईच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं तेव्हा आणि एकदा असाच, तेही दीड दिवस. गावाहून आईचा फोन यायचा आणि शेवटी तेच बोलणं असायचं, "कर्ज मोकयं झालं का जाऊ ना मंग सगळे गावाले." ती 'येशील' म्हणायची नाही, 'जाऊ' म्हणायची, जणू तीही माझ्याबरोबर इथेच अडकली होती. मला ते ऐकून बरं वाटायचं. थोडेच दिवस राहिलेत, असं मी म्हणायचो. खरंच तसं वाटायचं मला.

दोन हजार साली बाबांचं पत्र आलं. फोन असूनही पत्र, म्हणजे विषय पैशाचा. घरामागचा प्लॉट घ्यायला एक जण तयार आहे, ऐंशी हजार येतील, ते तुझ्या कर्जात एकदम भरून टाक. मी वाचलं आणि मला अपमान वाटला. माझ्यावर विश्वास नाही का यांचा? मी उलट टपाली लिहिलं की प्लॉट विकायची काही गरज नाही, मुद्दल आपोआप कमी होतंय, तीन वर्षं गेली, चारच उरलीत. तुम्ही स्वतःच्या गुडघ्यांचं पाहा. बाबांनी पुन्हा तो विषय काढला नाही.

दोन हजार चार साली सात वर्षं पुरी झाली त्या आठवड्यात मी रजा काढून त्या ऑफिसात गेलो. इस्त्रीचा शर्ट घालून गेलो होतो. तिथे एक तरुण मुलगी बसली होती, माझ्या धाकट्या मेहुणीच्या वयाची. मी सांगितलं, मुद्दल फिटलंय, व्याजाचं काय ते बोलायला आलोय. तिला आधी कळलंच नाही मी काय म्हणतोय. मग तिने कंप्युटरवर पाहून एका चिठ्ठीवर आकडे लिहून दिले. मी आजवर भरले होते तीन लाख एकतीस हजार आठशे. त्यातून मुद्दल फिटलं होतं साडेएकोणतीस हजार. बाकी, दोन लाख सत्तर हजारांच्या वर.

मी म्हटलं, काहीतरी चूक आहे. ती म्हणाली, "काका, हप्त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज जातं, उरेल ते मुद्दलात. तुमच्या पहिल्या हप्त्यात मुद्दल दोनशे रुपये होतं. पहिल्या पानावर लिहिलंय." ती चिडली नाही, हसली नाही, उलट तिने मला पाणी आणून दिलं. दर बदलून घ्यायचीही सोय आहे, बाजारातले दर केव्हाच उतरलेत, कोणी सांगितलं नाही का तुम्हाला, असं तिने विचारलं. कोण सांगणार? मी कोणाला विचारलं होतं?

एक गोष्ट मी तिला जाता जाता विचारली, आणि ती विचारली नसती तर बरं झालं असतं. तिसऱ्या वर्षी ऐंशी हजार एकदम भरले असते तर काय झालं असतं? तिने आकडे घालून पाहिले. कर्ज नऊ वर्षांहून जास्त आधी संपलं असतं, म्हणाली. मी बाहेर येऊन फुटपाथवर बसलो. तीन हजार नऊशे पन्नासचा हप्ता मला पाठ होता. त्यातले दोनशे माझे होते आणि बाकी सगळे माझे रविवार होते, हे मला त्या दिवशी कळलं. सुनंदाला सांगितलं तेव्हा ती रागावेल असं वाटलं होतं. ती एवढंच म्हणाली, "आता आईले काय सांगाचं?"

सांगायची वेळ लवकरच आली. दोन महिन्यांत बाबांना सावंगीच्या मोठ्या दवाखान्यात भरती केलं. मूत्रपिंडं थकली होती. मी जाऊन पंधरा दिवस राहिलो, बारा वर्षांतला माझा सगळ्यात मोठा मुक्काम. एका सकाळी आई खाली चहा आणायला गेली असताना मी बाबांना सगळं सांगून टाकलं. माझा हिशेब चुकला, मुद्दल तसंच आहे, मी इतक्यात येऊ शकत नाही.

बाबा डोळे मिटून होते. म्हणाले, "मले माईत होतं."

"कवापासून?"

"तू झेरॉक्स आनली तवापासून. पहिल्याच पानावर होतं ना."

मला रडू आलं की राग आला, सांगता येत नाही. दोन्ही आलं. "मंग सांगितलं काऊन नाई बाबा?"

"तू किती खुश होता बापा," ते म्हणाले. "तुले तवा सांगतलं असतं तं तू घर इकून वापस आला असता, अन् जल्मभर मनला असता का बापानं घर होऊ देल्लं नाई. मनून मनलं, आपल्याच्यानं जेवढं होते तेवढं करू. प्लॉट त्याच्याचसाठी इकत होतो." थोड्या वेळाने डोळे उघडून म्हणाले, "तू नाई मनला. मंग म्या बी जोर केला नाई. तुयी मान खाली जाईन असं वाटलं."

मान! आमच्या घराण्यात या मानेपायी काय काय गेलं. मी त्यांच्यापुढे ताठ राहावं म्हणून ते गप्प बसले, आणि मी ताठ राहायच्या नादात गावी परतलोच नाही. दोघांपैकी एकानेही तोंड उघडलं असतं तर चार-पाच वर्षं तरी हाती लागली असती. मी त्यांचे पाय चेपत बसलो. आई चहा घेऊन आली तेव्हा बाबा म्हणाले, "पोरगं मनते, थोडा टाइम लागन." आई म्हणाली, "लागू दे. आपन काय कुठं पयून चाललो?" बाबा त्यानंतर तीन आठवड्यांनी गेले.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी ते डोळ्यांनी पाहिलं आहे. दुकान चालवायला कोणी नव्हतं. आई एकटी राहू शकत नव्हती, म्हणून तिला चिंचवडला घेऊन आलो. मी नोकरी सोडू शकत नव्हतो, कारण कर्ज होतं. एक वर्ष कुलूप लावून ठेवलं. शेवटी दुकान, माल आणि घर, मागच्या त्या प्लॉटासकट, आम्ही विकून टाकलं. आर्वीला रजिस्ट्री ऑफिसात जाऊन आईने विक्रीच्या कागदावर सहीऐवजी अंगठा दिला आणि शाई पुसायला माझाच रुमाल घेतला. दुकान कुठं जात नाई, असं बाबा म्हणाले होते. ते खरं होतं. ते तिथेच आहे, आजही बाजाराच्या दिवशी उघडं असतं. मी ते आपल्या हाताने दिलं. ते पैसे मी कर्जात एकरकमी भरले आणि कर्ज संपलं.

लोक विचारतात, घर कितीला पडलं? मी फ्लॅटची किंमत सांगतो. खरी किंमत सांगायची तर रोहण्यापासून सुरुवात करावी लागेल, आणि तेवढं ऐकायला कोणाला वेळ असतो? परत जायचं म्हणून जे फेडत होतो, ते फेडायला जिथे परत जायचं तेच विकलं. आता घर म्हणजे साडेचारशे चौरस फूट. सुनंदाने ठोकलेला खिळा आहे, त्यावर बाबांचा फोटो आहे. या घरावर कोणाचा एक रुपया नाही, आणि माझी मान काही वर होत नाही.

कर्ज देणाऱ्यांनी घराचे मूळ कागद परत दिले त्या दिवशी मी ते घेऊन दुपारी घरी आलो. आई खिडकीपाशी सांबार निवडत बसली होती. मी फाइल तिच्यापुढे ठेवली. तिने हात पदराला पुसून तिच्यावर ठेवला.

"झालं मोकयं?"

"झालं."

तिचा चेहरा एकदम उजळला. "मंग जाऊ ना आता गावाले?" ती म्हणाली.

सात वर्षं जिभेवर बसलेलं वाक्य, आपसूक आलं. अंगठा तिनेच दिला होता, तिला सगळं ठाऊक होतं. दुसऱ्याच क्षणी तिला ते आठवलं, हे मला दिसलं. तिने माझ्याकडे पाहिलं नाही. फाइल हळूच बाजूला सरकवली आणि सांबाराची जुडी पुन्हा हातात घेतली.