सुंदररावांचं टँकरपंचांग

सुंदररावांना घड्याळ कळत नव्हतं असं नाही. दोन्ही मनगटांवर घड्याळं बांधून हिंडणारा गेवराई तालुक्यातला हा बहुधा एकटाच माणूस. एक सासऱ्यानं दिलेलं, दुसरं सभासदांनी सत्कारात दिलेलं, म्हणजे सभासदांकडून वसूल केलेलं.

दहावीला दोनदा आपटले, काही वर्षं ऊसतोडीची मुकादमी केली, आणि मग पाणीपुरवठा सहकारी संस्था काढून तिचे चेअरमन झाले. संस्थेचा एक टँकर होता आणि सरकारशी करार होता : आमच्या वाडीला रोज एक टँकर पाणी.

दुष्काळात विहिरी आटल्या. टँकर रोज भरायचा आणि चेअरमनसाहेबांच्या मोसंबीच्या बागेत रिकामा व्हायचा. वाडीत तो तीन-चार दिवसांआड तोंड दाखवायला यायचा. तालुक्याला मात्र रोजचं पाणी दाखवायचं होतं. दुसऱ्या कुणी खोट्या सह्या केल्या असत्या. सुंदरराव त्या बाबतीत सरळ. त्यांनी दिवसच बदलला.

वार्षिक सभेत भजी वाटली आणि ठराव झाला : एका टँकरपासून दुसऱ्या टँकरपर्यंत एक दिवस. सूर्याचा संस्थेशी संबंध नाही. दिवसाचे प्रहर चार : चाहूल, वाटप, भांडण आणि कोरडा. पहिले तीन दुपारच्या आत उरकायचे, कोरडा सरता सरत नसे. वर्ष पाडव्याला न लागता साहेबांच्या वाढदिवसाला लागायचं. साहेबांचा हसरा फोटो टाकून कॅलेंडर छापलं आणि घरोघर टांगलं. ठराव एकमतानं मंजूर, कारण तोंडात भजं असलं की हातच तेवढा वर होतो. या हिशेबानं वाडीला रोज पाणी मिळू लागलं आणि चेअरमनची पाच वर्षांची मुदत मारुतीच्या शेपटासारखी वाढत चालली. कुणी बोललं, की त्याच्या घरापुढून टँकर न थांबता जायचा. लाज म्हणून काही चीज असते, ती या माणसाच्या वाटेला कधी गेलीच नाही.

मग सुंदररावांची आई ताराबाई वारली.

दहाव्याला भावकी, पाहुणे, सारे गोदावरीच्या काठी जमले. नदीत वाळू होती, पाणी नव्हतं. साहेबांनी टँकर थेट पात्रात आणवला. सटवा न्हाव्यानं साहेबांचं अर्धं डोकं भादरलं होतं, तेवढ्यात भिवराबाई पुढं आली. ही सुंदररावांची सख्खी चुलती, ताराबाईची धाकटी जाऊ. मागं वाडीतल्या बाया, प्रत्येकीच्या डोक्यावर रिकामी घागर.

“सटवा, हात थांबव,” ती म्हणाली. “जाऊबाई गेल्यापासून टँकर आज तिसऱ्यांदा आला. म्हंजी आज तिसरा दिवस. तिसऱ्याला राख सावडत्यात, डोस्कं न्हाई भादरत.”

सटवानं वस्तरा पुसून पेटीत टाकला. भावकीतली माणसं टोप्या नीट करून वाळूत बसली. सुतक फिटलं नाही म्हटल्यावर त्यांना तरी कसली घाई!

सुंदरराव आधी हसले. “काकू, ही काय चेष्टेची येळ हाय का? पाव्हणे लांबून आल्यात.”

“चेष्टा कावून करू बाबा? तुझंच कॅलेंडर हाय. माझ्या भिताडावर तुझं थोबाड टांगलंय.”

पाहुणे एकमेकांना विचारू लागले. कुणीतरी त्यांना कॅलेंडरची हकिकत सांगितली आणि काठावर हशा पिकला. त्या हशानं साहेबांचा तोल गेला. अर्धं डोकं हलवत ते ओरडले, “दहा येळा सूर्य उगवलाय! आंधळे हाव का तुमी सगळे?”

“आमाला रोज दिसत हुता,” भिवराबाई म्हणाली. “तुला दिसतो का, तेवढंच इचारायचं हुतं. दहा दिवस झाले, टँकर तीन आले. बाकीचे सात कुठं जिरले?”

मोसंबीची बाग सगळ्यांना ठाऊक होती, फक्त आता पाहुण्यांनाही ठाऊक झाली. मला त्या क्षणी जो आनंद झाला, तो मयताच्या ठिकाणी होऊ नये. झाला खरा.

बायांनी टँकरचा नळ सोडला. घागरी भरल्या, रांगेत कुणी कुणाशी भांडलं नाही. साहेब अर्ध्या हजामतीवर पाण्याकडं बघत बसून राहिले. शेवटची घागर भिवराबाईची. ती तिनं सुंदररावांपुढं वाळूत टेकवली.

“घे, आंघोळ कर, आईचा दहावा हाय. ही तुझी आजची,” ती म्हणाली. “उद्याची उद्या.”