अपिलाचं वाक्य

आमच्या लहानशा रेडिओ केंद्रावर आठवड्याला पंधरा मिनिटं आफ्रिकेच्या बातम्या द्यायच्या, हा हट्ट माझा. केंद्र मिरजोळ्याच्या एका गाळ्यात. ते चालवणारे सर म्हणायचे, "आफ्रिका कोण ऐकणार रे? बांगड्याचा भाव सांग." मी भडकायचो. इथली पोरं त्या किनाऱ्यावर जहाजांवर राबतात, आणि तिथे काय चाललंय ते इथे कुणी विचारायचं नाही?

एक ऐकणारी मात्र पक्की होती. वेळणेश्वरची काकी. तिचा मुलगा खलाशी. पश्चिम आफ्रिकेतल्या एका बंदरात तेलचोरीच्या आरोपाखाली जहाजावरचे सगळे कोठडीत. जहाजाचा मालक पसार. दर सोमवारी मी तिथल्या कोर्टाच्या कारकुनाला फोन लावायचो. एकदा तो म्हणाला, सोडायचा हुकूम झालाय, मात्र सरकारी वकील अपिलात जाऊ शकतो.

सरांनी बजावलं, अपिलाचं वाक्य ठेव. मी काढलं. चळवळीची पत्रकं लिहून तयार झालेला माणूस मी. पत्रकात 'पण' आला की मोर्चा बसतो, हे आमचं शिक्षण. "आपले खलाशी सुटले" असं ठणकावून वाचलं.

अपील झालं, सुटका अडली. रेडिओवर दुरुस्ती वाचण्याआधी काकीला समोर जाऊन सांगावं म्हणून एसटीने गेलो. ती पडवीत बसली होती. तिला कळलेलं होतं. पोराला कोठडीतून आठवड्याला एक फोन मिळतो. सुटलास, असं आधीच्या फोनवर तिनेच त्याला सांगितलं होतं, माझ्या भरवशावर.

"सुटणार म्हणून चटई देऊन टाकलीन रे बाबू, शेजारच्या कैद्याला," ती म्हणाली. "पाण्याचा डबा पण. आता लादीवर निजतो. परत मागायची लाज वाटते त्याला."

मी माफी मागितली. शिव्या खायची तयारी होती. खरं तर त्याच हव्या होत्या.

"तुझ्यावर रागावून काय करू? तिकडचं सांगणारा दुसरा कोण आहे?" मग तिने विचारलं, "पुढची तारीख कधी?"

कारकून फोन उचलत नव्हता. अंदाजाने एखादा महिना ठोकून देता आला असता.

"माहीत नाही, काकी."

तिने मान हलवली. पोराच्या फोनची वेळ झाली होती. मोबाईल ओच्यात धरून ती बसून राहिली. त्याला काय सांगायचं, हे तिने मला विचारलं नाही.