घेऊ का?

माझ्या मेहुण्याला आमची मुलं ‘घेऊ-का मामा’ म्हणत. कोयनेच्या वरच्या दाट जंगलात राहणाऱ्या गवळी धनगरांवर तो माहितीपट करत होता, आणि कुणावरही कॅमेरा धरण्याआधी विचारी, “घेऊ का?” सकाळी हो म्हणालेल्याला दुपारी पुन्हा विचारी. म्हशींनासुद्धा विचारी. समोरचं माणूस नुसतं गप्प राहिलं, तरी कॅमेरा खाली.

माझ्या धाकट्या भावाच्या लग्नाचं चित्रण हिने त्याच्यावर सोपवलं. अक्षता पडल्या तेव्हा हा कार्यालयाच्या दारात नवरीच्या आत्याची परवानगी काढत होता. कॅसेटमध्ये पंगत आहे, वरात आहे; लग्न नाही.

“अरे, लग्नाला आलेल्यांना काय विचारायचं?”

“ते जेवायला आलेत दाजी. फिल्मवर यायला नाही.”

त्याचं सांगलीचं घर नदीकाठी, भिंतींना कायम ओल. म्हणून कॅसेटी साताऱ्याला आमच्या कपाटात, आणि हिच्या साड्या ट्रंकेत. टाकलेले तुकडेही तो जपून ठेवी. मी चिडलो की म्हणे, “राहू द्या हो. माणसं आहेत त्यात.”

फिल्म तयार झाली, तर म्हणाला, आधी धनगरवाड्यावर दाखवायची. त्यांना नको असेल ते कापायचं. वाड्यावर वीज नव्हती. छोटा टीव्ही आणि कॅमेरा त्याने घेतला, गाडीची बॅटरी माझ्या खांद्यावर. चौदा किलो, मी आधी वजन केलं होतं. वाट सगळी चढाची, आणि जळवा.

वाड्यावरच्या लोकांनी स्वतःकडे पाहिलंच नाही. सगळे म्हशी ओळखत होते. “ती बघ सोनी! तवा लय माजलीती!” पण फिल्मची सुरुवातच चांदीने होती. कपाळावर पांढरा ठिपका असलेली ही म्हैस धुक्यातून सरळ समोर येते. मुंबईच्या फिल्म महोत्सवाला आधी नमुना पाठवला होता, तिथले निवडणारे त्याच दृश्यावर खूश होते. त्या पावसाळ्यात बिबट्याने चांदीला मारलं होतं. तिची मालकीण भागाबाई पाठ फिरवून बसली.

“गेलेलं जनावर असं माघारी बोलवू न्हाई, दादा. काढा तेवढं.”

“काढतो,” हा लगेच म्हणाला.

उतरताना मी त्याला वाटभर बोललो. इतक्या वर्षांच्या कामाचं तोंडच कापलंस, म्हणालो. तो म्हणाला, “म्हैस तिची आहे, दाजी.” फिल्म निवडली गेली नाही. हा पुन्हा जंगलात.

पुढे सांगलीत काविळीने तो वारला. पत्र घालून भागणार नव्हतं. भागाबाईला सांगायला मीच वर गेलो. ती म्हणाली, “त्येंचं तोंड हाय का कुठं फिल्मात?”

“नाही. तो कायम कॅमेऱ्यामागे.”

“आन् आवाज?”

“चांदीच्या तुकड्यात आहे. पण तो तुम्ही काढायला लावलात.”

“काढला म्हंजी टाकला व्हय?”

“नाही. माझ्या कपाटात आहे.”

“मग आना की वं.”

पुढच्या रविवारी तीच बॅटरी, तोच खांदा, तोच चढ. सगळा वाडा जमला. पडद्यावर आधी नुसता चिखल दिसला. कॅमेरा चालू होता, पण खाली धरलेला. मग त्याचा आवाज आला, “चांदे, घेऊ का गं?”

“घ्या की वं दादा,” भागाबाई म्हणाली.

आणि चित्र हळूहळू वर उचललं गेलं.