शेवटच्या रांगेतली आई

दुपारची जेवणं आटोपून मी जरा आडवी होते. हातातलं वर्तमानपत्र छातीवर येतं. पंख्याचा आवाज आधी जवळचा वाटतो, मग शेजारच्या खोलीतला, मग कुठल्या तरी लांबच्या गिरणीतला. मिटल्या पापण्यांच्या आत तांबूस उजेड आहे. तो हळूहळू गडद होत जातो आणि त्यातून कुणीतरी म्हणतं, "दार लाव गं. प्लेट खराब होईल."

मी दार लावते. कोल्हापुरातल्या कॉलेजची डार्करूम आहे ही. लाल दिव्याखाली आई उभी आहे. तिला जाऊन दोन वर्षं होत आली, हे मला पक्कं माहीत आहे, तरी तिचं नवल वाटत नाही. नवल वाटतं ते तिच्या वेणीचं. काळीभोर, लांब, द्रावणात पडू नये म्हणून कमरेला खोचलेली.

माझी आई, डॉ. कुमुद साठये, तरुणपणी वर्णपटांवर काम करायची. विजेच्या ठिणगीत धातू जाळायचा, त्याचा प्रकाश फोडायचा आणि उमटलेल्या रेषा काचेच्या प्लेटवर टिपायच्या. प्रत्येक मूलद्रव्याच्या रेषा वेगळ्या. "जळताना कुणाला खोटं बोलता येत नाही," असं ती म्हणायची. शाळा सुटली की मी इथेच येऊन बसायचे. अंधारात तिचा चेहरा दिसायचा नाही, म्हणून ती काम करताना सतत बोलत राहायची. मला भीती वाटू नये, एवढ्यासाठी.

आत्ता मात्र ती गप्प आहे. ट्रेमधली प्लेट उचलते, निथळू देते आणि माझ्यापुढे धरते. मी वाकून बघते. काचेवर बारीक उभ्या रेषा आहेत, काही ठळक, काही पुसट. आणखी जवळून बघितलं तर त्या रेषा नाहीत, खुर्च्यांच्या रांगा आहेत, आणि मी रंगमंचावर उभी आहे.

हे नाट्यगृहही मी ओळखते. ते बांधलं तेव्हा मागच्या लोकांना एक शब्द नीट ऐकू जाईना. तोवर आईच्या प्रकाश फोडायच्या यंत्राचं भिंग बुरशीनं गेलं होतं, नवं काही मिळालं नव्हतं, आणि ती नुसती शिकवून दिवस काढत होती. कुणीतरी तिला विचारलं, बाई, तुम्ही बघता का? ती आली, मध्ये उभी राहून तिनं एक टाळी वाजवली आणि डोळे मिटून तो आवाज विरेपर्यंत ऐकत राहिली. मग मागच्या भिंतीवर काथ्याच्या गाद्या बसवून घेतल्या, छताच्या फळ्या तिरक्या करून घेतल्या. त्यानंतर इथली कुजबूजही शेवटच्या रांगेत पोचायला लागली. प्रकाशाकडून ती आवाजाकडे गेली ती कायमची. गावोगावची नाट्यगृहं तिनं अशी बोलकी केली.

ती आता शेवटच्या रांगेत बसली आहे. केस पांढरे झालेत, अंगावर आजारपणातली शाल.

"मंजू," ती म्हणते, "एक विचारायचं राहिलं होतं."

तिचा आवाज माझ्या कानाशी आल्यासारखा येतो.

"कानाच्या डॉक्टरांकडून परत येताना, रिक्षात तू काय म्हणालीस?"

त्या वर्षी तिचे कान फार गेले होते. आधी चिमण्या गेल्या, मग स आणि श. आवाज येतो गं, शब्द येत नाहीत, असं ती सांगायची. मी काहीतरी बोलायचे, ती "काय?" म्हणायची, मी पुन्हा सांगायचे, ती पुन्हा "काय?" त्या दिवशी रिक्षातही मी काहीतरी बोलले, ती "काय?" म्हणाली आणि मी म्हटलं, "काही नाही." तिनं मान बाहेर वळवली. मग ते सोपंच झालं. रोज दहा गोष्टींना मी "काही नाही" म्हणू लागले.

"मी पुष्कळ जुळवून पाहिलं," ती सांगते आहे. "रेषांवरून मूलद्रव्य ओळखायची मी. तुझ्या ओठांवरून एक वाक्य ओळखता येईना. मला वाटलं, आता कंटाळा आला, असं म्हणालीस."

"नाही आई, तसं नाही."

ती तळवा कानामागे धरते. "काय?"

मी मोठ्यानं सांगते. मग ओरडून सांगते. ज्या नाट्यगृहात कुजबूज पोचते, तिथे माझी हाक पहिल्या खुर्चीपर्यंतही जात नाही. आणि ओरडता ओरडता मला कळतं की मी काय म्हणाले होते, ते मला आठवतच नाही. कदाचित कंटाळा आला असंच म्हणाले असेन. शपथेवर नाही म्हणायची माझी छाती नाही.

मी रंगमंचावरून उडी मारते. खुर्च्यांमधून धावते, तर ती रिक्षाच आहे. आई शेजारी बसली आहे आणि तिचा गुडघा माझ्या गुडघ्याला लागतो आहे. मी तिच्या कानाला तोंड लावते.

"मला आठवत नाही, आई."

हे तिला ऐकू जातं. ती मान बाहेर वळवते. रिक्षा कुठेच चाललेली नाही.

"अगं, मग काहीही सांगायचंस," ती म्हणते. "ऊन फार आहे, एवढं म्हणाली असतीस तरी मी ते घेऊन बसले असते."

मी तिचा हात धरायला जाते आणि माझा हात गादीवर पडतो.

उजेड आहे. पंखा आहे. दारात माझा नवरा, अविनाश, पाण्याचा पेला घेऊन उभा आहे. तो घाबरून सांगतो की मी केव्हाची ओरडत होते, हलवलं तरी जागी होत नव्हते. खालच्या मजल्यावरच्या ताम्हनेबाईसुद्धा वर येऊन विचारून गेल्या. मला त्याला सांगायचं आहे की आई आली होती. मी तोंड उघडते. घशातून नुसती खरखरीत हवा येते.

घसा पार बसला आहे. गिळताना दुखतो. संध्याकाळपर्यंत मी तीन वेळा मिठाच्या पाण्यानं गुळण्या करते आणि दर वेळी आरशासमोर उभी राहून "आई" म्हणून पाहते. ओठ हलतात. आवाज फुटत नाही.