वनमालाबाईंच्या चिठ्ठ्या

संगणकाच्या पडद्यावरच्या गरोदर बाईलाही वनमालाबाई आधी विचारायच्या, "बाई, हात लावू का?" मग माउस हलवायच्या. नर्सिंगच्या मुली ओढणी तोंडाला लावून हसत. एकीने सांगून पाहिलं की ते चित्र आहे. "चित्र हाय हे तुले माहीत हाय, तुह्या तोंडाले नाई," बाई म्हणाल्या आणि तिलाही विचारायला लावलं.

गडचिरोलीतल्या त्या नर्सिंग शाळेत मी कंत्राटी संगणक शिक्षिका होते. ब्रह्मपुरीला कॉलेजात असताना मोर्च्यांची पत्रकं वाचून आणि वाटून मी घडले होते. यंत्र आलं की ज्ञान जंगलातही पोचेल, असं छातीठोक सांगायची. मुलचेऱ्याच्या बाजूच्या गावांत हयातभर बाळंतपणं करून शिकवायला आलेल्या वनमालाबाई संगणकाला नाक मुरडतील, असं मला वाटलं होतं. पण बाळ आत कसं वळत खाली येतं, ते त्यांनी पडद्यावर लागोपाठ तीनदा पाहिलं. "उभ्या जल्मात हे दिसलं नोतं. आज समजून राह्यलं," म्हणाल्या.

पण संगणक आले आणि मुलींना रुग्णालयात नेणारी बस बंद झाली. सराव आता शाळेतच होतो, असा कागद आला. पडद्यावरचा रक्तस्राव योग्य बटण दाबलं की थांबायचा. चुकलं तर अक्षरं उमटायची, 'पुन्हा प्रयत्न करा.' वनमालाबाई ती मोठ्याने वाचायच्या. मग खोलीत कोणी हसत नसे.

परीक्षेआधी प्रत्येक मुलीच्या नावापुढे 'प्रत्यक्ष प्रसूती हाताळली, सक्षम' अशी खूण बाईंच्या संगणकातल्या खात्यातून व्हायला हवी होती. त्याशिवाय परीक्षेचा अर्ज पुढे सरकत नव्हता. एकाही मुलीने प्रसूती हाताळली नव्हती. बाईंनी बससाठी तीनदा अर्ज दिले, उत्तर आलं नाही. शेवटच्या दुपारी मुली व्हरांड्यात बसून होत्या. त्यांतल्या सरिताला घरून निरोप होता, वर्ष गेलं तर लग्न. प्राचार्या मला म्हणाल्या, बाईंचा पासवर्ड तुलाच माहीत आहे, तूच करून टाक. मी नकार दिला. बाईंनीही करू नये, आपण सगळ्या फाटकात धरणं धरू, असं मी ठणकावलं.

"धरणं तू धरशीन. वर्ष ह्या पोरींचं जाईन," वनमालाबाई म्हणाल्या. मग खुर्ची ओढली. "सरक. माह्या नावाचं खोटं माह्या हातानंच होऊ दे."

एका बोटाने त्यांनी एकेका नावापुढे खूण केली. मी त्यांना तोंडावर भित्र्या म्हणाले. त्या पुढच्या नावावर गेल्या.

मुली पास झाल्या, आरोग्य उपकेंद्रांवर लागल्या. निघताना वनमालाबाईंनी प्रत्येकीला तिच्या वरच्या आरोग्य केंद्रातल्या डॉक्टरसाठी उघडी चिठ्ठी दिली. 'हिने एकही बाळंतपण केलेले नाही. हात बसेपर्यंत एकटीला सोडू नये.' खाली सही. सरिता रडायला लागली, हे वाचून मला कोण ठेवून घेईल म्हणाली.

"फाडाची असन तर फाडजो," बाई म्हणाल्या, "पण माह्यासमोर नको."

किती जणींनी फाडल्या, ठाऊक नाही. एक वर जिल्हा कार्यालयापर्यंत पोचली आणि बाईंच्या नावे नोटीस आली. संगणकात सक्षम, चिठ्ठीत अक्षम, यातले खरे कोणते? बाईंची निवृत्ती तोंडावर होती, पेन्शन अडकणार हे उघड होतं. उत्तर टाइप करून घ्यायला त्या माझ्याकडेच आल्या. मी व्यवस्थेवर पानभर आग ओकली. त्यांनी चष्मा लावून सगळं वाचलं, चांगलं लिहितेस म्हणाल्या, आणि बसच्या तीन अर्जांच्या तारखा तेवढ्या ठेवून बाकी खोडलं. खाली त्यांनी सांगितलं तसं मी टाइप केलं. त्या शाळेतलं ते त्यांचं शेवटचं काम ठरलं.

'दोन्ही मीच केले आहे. संगणकातले खोटे आहे, मुलींचे वर्ष जाऊ नये म्हणून केले. चिठ्ठी खरी आहे. ज्या उपकेंद्रांवर ती पोचली नसेल, तिथे कार्यालयाने आजच पोचवावी.'